ओळंब्याची दोरी आणि पृथ्वीची मोजणी

देगलूरच्या एका वस्तीत घरकुलाचे बांधकाम चालू होते. ओळखीच्या गवंड्याला भेटायला आम्ही सहज तिकडे गेलो होतो. भिंत छातीइतकी वर आली होती. गवंडी दर दोन थरांनी ओळंबा सोडून पाहत होता. आठवीत शिकणारा त्याचा मुलगा सुट्टी असल्यामुळे बापाच्या हातात विटा देत होता. मध्येच पोराने विचारले, “बाबा, ह्या ओळंब्याची दोरी अशीच खाली खाली नेली तर कुठं निघंल?”

“पृथ्वीच्या मधोमध. अजून कुठं?” गवंडी म्हणाला आणि आमच्याकडे वळला. “काय गुरुजी, बरोबर हाय ना?”

आम्ही मान डोलावणार होतो, कारण आम्हीही तेच शिकलो होतो. पण पोराच्या डोळ्यांत खरे उत्तर हवे असल्याची उत्सुकता होती, म्हणून “उद्या सांगतो” असे म्हणून घरी आलो. पुस्तके चाळली, हिशोब मांडला. उत्तर निघाले ते असे: देगलूरात सोडलेला ओळंबा पृथ्वीच्या मध्यबिंदूकडे बोट दाखवत नाही. तो थोडा बाजूने जातो. दहा फूट उंचीच्या भिंतीत हा फरक सुमारे सहा मिलिमीटर, म्हणजे जवळजवळ पाव इंच भरतो. तरीही गवंड्याने ओळंब्याचेच ऐकले पाहिजे. मध्यबिंदूचे ऐकून बांधलेली भिंत तिरपी होईल.

हे कसे? आणि पृथ्वीच्या पोटात न उतरता माणसाला हे कळले कसे? या प्रश्नाचा माग काढत गेलो तेव्हा कळले की जगातील एका फार मोठ्या मोजणीची वाट आपल्या देगलूरच्या शेजारून गेलेली आहे. ही गोष्ट आपल्या घरातील मुला-मुलींना माहीत असली पाहिजे, म्हणून हा लेख.

पृथ्वी गोल, पण किती गोल?

पृथ्वीचा आकार आणि तिची ओढ मोजणाऱ्या शास्त्राला भूगणित म्हणतात. पृथ्वी स्वतःभोवती फिरते, त्यामुळे ती कमरेला फुगलेली आणि डोक्या-पायाला दबलेली असली पाहिजे, असे न्यूटनने १६८७ साली गणिताने मांडले. त्याच्या आधी, १६७२ साली, रिशे नावाचा फ्रेंच ज्योतिषी विषुववृत्ताजवळच्या केयेन येथे गेला होता. पॅरिसमध्ये अचूक चालणारे त्याचे लंबकाचे घड्याळ तेथे रोज सुमारे अडीच मिनिटे मागे पडू लागले. घड्याळ बिघडले नव्हते. तेथे पृथ्वीची ओढच थोडी कमी होती, म्हणून लंबक सावकाश हलत होता.

काही लोकांना न्यूटनचे म्हणणे पटले नाही. शेवटी १७३५ आणि १७३६ साली फ्रेंचांनी दोन पथके पाठवली. एक दक्षिण अमेरिकेत विषुववृत्ताकडे गेले, दुसरे उत्तरेला लॅपलँडच्या बर्फात. दोघांनी जमीन मोजली आणि न्यूटन खरा ठरला. आजच्या मापाने पृथ्वीची विषुववृत्तावरील त्रिज्या सुमारे ६,३७८ किलोमीटर आहे आणि ध्रुवाकडील ६,३५७ किलोमीटर. फरक २१ किलोमीटरचा. फूटभर व्यासाचा गोळा केला तर एवढा दबलेपणा जेमतेम एक मिलिमीटर होईल. डोळ्यांना तो दिसणार नाही. पण ओळंब्याची दोरी मध्यबिंदूपासून ढळते ती या फिरण्यामुळे आणि दबलेपणामुळेच.

आपल्या मोंढ्यातले उदाहरण घ्या. स्प्रिंगच्या काट्यावर विषुववृत्तावर १०० किलो भरलेले पोते त्याच काट्यावर ध्रुवावर सुमारे साडेशंभर किलो भरेल. पोत्यात एक दाणाही वाढलेला नसेल. पृथ्वीची ओढ वाढलेली असेल. दोन पारड्यांच्या तराजूवर मात्र फरक दिसणार नाही, कारण तेथे वजनाच्या मापांवरची ओढही तेवढीच वाढते.

बीदरची पायारेषा

आता आपल्या मुलखाकडे येऊ. पृथ्वीचा आकार मोजायचा तर दक्षिणोत्तर लांबच लांब रेघ मोजावी लागते. इंग्रज कंपनीच्या राज्यात विल्यम लॅम्बटन या अधिकाऱ्याने १८०२ साली मद्रासजवळ हे काम सुरू केले. ही रेघ कन्याकुमारीपासून हिमालयाच्या पायथ्यापर्यंत, सुमारे २,४०० किलोमीटर गेली. तिला विशाल चाप म्हणतात. लॅम्बटनने १८१५ साली आपल्या शेजारच्या बीदर भागात पायारेषा मोजली. तेव्हा हा सगळा मुलूख निजामाच्या राज्यात होता.

त्या भागातील दामरगिद्दा हे ठिकाण या मोजणीत कायमचे नोंदले गेले. त्याचे अक्षांश १८ अंश ३ मिनिटे १५ सेकंद. देगलूरच्या दक्षिणेला ते सरळ रेषेत पन्नास-पंचावन्न किलोमीटरवर येते. पुढचे मोठे ठाणे मध्य प्रदेशातील सिरोंजजवळचे कल्याणपूर, अक्षांश २४ अंश ७ मिनिटे ११ सेकंद. या कल्याणपूरपासून थेट दक्षिणेला रेघ ओढली तर ती देगलूरच्या पूर्वेला दहा किलोमीटरच्या आत येते. म्हणजे पृथ्वीची रेघ आपल्या शिवाराला जवळजवळ घासून गेली आहे.

रेघ मोजायची म्हणजे अडीच हजार किलोमीटर साखळी ओढत जायचे नव्हे. मध्ये नद्या, जंगले, डोंगर येतात. युक्ती त्रिकोणाची. सात-आठ मैलांची एक सपाट जागा निवडायची आणि ती अतिशय काळजीने मोजायची. हीच पायारेषा. तिच्या दोन्ही टोकांवरून लांबच्या टेकडीवरील खुणेचे कोन घ्यायचे. एक बाजू आणि दोन कोन कळले की उरलेल्या दोन बाजू गणिताने निघतात. हे आपल्या दहावीच्या मुलांनाही करता येते. मग त्या बाजूवर पुढचा त्रिकोण, त्याच्यावर पुढचा. टेकडीवरून टेकडीवर असे त्रिकोण चढत जातात.

यात एक गंमत आहे. कागदावरच्या त्रिकोणाच्या तीन कोनांची बेरीज १८० अंश होते. पण पृथ्वी गोल असल्यामुळे जमिनीवरच्या मोठ्या त्रिकोणाची बेरीज १८० अंशांहून किंचित जास्त भरते. सुमारे दोनशे चौरस किलोमीटरच्या त्रिकोणात एक सेकंद, म्हणजे एका अंशाचा ३,६०० वा भाग जास्त. एवढा बारीक फरक पकडणारे कोनमापक यंत्र सुमारे अर्धा टन वजनाचे होते. १८०८ साली तंजावरच्या देवळाच्या गोपुरावर चढवताना ते आदळले आणि वाकले. लॅम्बटनने सहा आठवडे बसून ते स्वतः सरळ केले.

लॅम्बटन कामावर असतानाच २० जानेवारी १८२३ रोजी वर्धा जिल्ह्यातील हिंगणघाट येथे वारला. त्याची कबर तेथेच आहे. देगलूरकडून नागपूरला दीक्षाभूमीवर जाणारे आपले लोक हैदराबाद-नागपूर रस्त्याने गेले तर हिंगणघाट वाटेतच लागते. पुढच्या वेळी मुलांना तेवढे दाखवावे.

लॅम्बटननंतर काम जॉर्ज एव्हरेस्टकडे आले. त्याने नवी यंत्रे आणली आणि जुना भाग पुन्हा मोजून काढला. १८४१ साली बीदरची पायारेषा अँड्र्यू वॉ याने नव्याने मोजली. आधी सिरोंजकडून शेकडो किलोमीटर त्रिकोणावर त्रिकोण रचत तिची लांबी गणिताने काढली होती. प्रत्यक्ष मोजली तेव्हा फरक आला तो अवघा काही इंचांचा!

ज्यांची नावे राहिली नाहीत

एव्हरेस्टचे नाव जगातील सर्वांत उंच शिखराला मिळाले. त्याने ते शिखर मोजले नव्हते. पण आम्हाला येथे थांबून दुसऱ्या माणसांची आठवण करावीशी वाटते.

ते अर्धा टनाचे यंत्र डोंगरावर चढवले कोणी? टेकडीवरची झाडी तोडली कोणी? दिवसा आरशाने उन्हाची तिरीप पाठवायला आणि रात्री दिवे पेटते ठेवायला ओसाड माळावर बसले कोण? सर्व्हेच्या भाषेत त्यांना खलाशी म्हणत. झेंडेवाले, हमाल, बैलवाले, पाणी आणणारे असे शेकडो लोक या पथकांत असत. गोदावरी-कृष्णेकडच्या जंगलात १८२० च्या सुमारास हिवतापाने एव्हरेस्टच्या पथकातील माणसे ओळीने पडली, काही दगावली. एव्हरेस्ट विश्रांतीसाठी आफ्रिकेच्या टोकाला जाऊ शकला. मजुरांची नावेसुद्धा आपल्यापर्यंत आली नाहीत.

ज्यांची नावे राहिली त्यांतही काही आपल्या देशातले आहेत. आर्काटचा सय्यद मीर मोहसीन हा हाताचा कसबी माणूस. विलायतेत बनलेली यंत्रे तो उघडून दुरुस्त करी. पुढे सर्व्हे खात्याच्या यंत्रकाराची जागा त्याला मिळाली. बंगालचा राधानाथ सिकदार १८३१ साली गणिती म्हणून खात्यात आला. आज आपण ज्याला एव्हरेस्ट म्हणतो ते शिखर जगात सर्वांत उंच आहे, हे त्याच्या हिशोबातून १८५२ साली पुढे आले.

सिकदारची आणखी एक गोष्ट आम्हाला त्या शिखराहून मोलाची वाटते. १८४३ साली डेहराडूनच्या गोऱ्या मॅजिस्ट्रेटने सर्व्हे खात्याच्या मजुरांना फुकट राबवून घेतले, स्वतःचे सामान वाहायला लावले. सिकदारने त्याला विरोध केला. त्याबद्दल त्यालाच दोनशे रुपये दंड झाला. तरी तो मागे हटला नाही. वेठ म्हणजे काय, हे आपल्या आजा-पणजांना कोणी सांगायची गरज नव्हती. बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कौन्सिलात महार वतनाचे बिल मांडले ते याच फुकट राबणुकीच्या विरोधात.

मोजणीशी आपल्या समाजाचे नाते तसे जुनेच आहे. गावगाड्यात गावाची शीव राखणे हे महाराचे काम होते. शिवेचा तंटा पडला की त्यालाच पुढे करत. कोणता दगड कोठे होता, ओढा पूर्वी कोठून वाहत होता, हे त्याला तोंडपाठ असे. गावाची सीमा ज्याच्या साक्षीने ठरे, त्याला मात्र गावात जागा नव्हती.

पाच सेकंदांचा फरक

आता या मोजणीतील सर्वांत मोठी गोष्ट. कल्याणपूर आणि उत्तर प्रदेशात मुजफ्फरनगरकडील कलियाना ही चापेवरची दोन ठाणी. दोघांमध्ये सुमारे सहाशे किलोमीटर अंतर. हे अंतर दोन रीतींनी काढले. एक रीत त्रिकोणांची. दुसरी रीत ताऱ्यांची: प्रत्येक ठिकाणी ओळंब्याने नेमके ‘वर’ ठरवायचे, त्यावरून ताऱ्याचा कोन घ्यायचा आणि अक्षांश काढायचे. दोन्हींचे उत्तर एकच यायला हवे होते. आले नाही. फरक पडला ५.२३६ सेकंदांचा. जमिनीवर सुमारे १६० मीटर.

सहाशे किलोमीटरमध्ये १६० मीटर! कोणीही म्हणाले असते, जाऊ द्या, एवढे चालायचेच. पण दोन्ही आकडे छापले गेले, जगापुढे राहिले. कलकत्त्याचे एक धर्मोपदेशक जॉन प्रॅट हे गणितात तरबेज होते. त्यांनी विचार केला: हिमालय एवढा प्रचंड आहे. तो ओळंब्याला आपल्याकडे ओढत असेल. कलियाना हिमालयाला जवळ, कल्याणपूर लांब, म्हणून कलियानाचा ओळंबा जास्त ढळला असेल. त्यांनी हिमालयाच्या दगडमातीचा अंदाज घेऊन हिशोब केला. उत्तर आले १५.८८५ सेकंद. म्हणजे फरक पाचाचा नव्हे, पंधराचा पडायला हवा होता. प्रश्न उलटाच झाला. ओळंबा ढळला का, हा प्रश्न राहिला नाही. एवढा मोठा डोंगर शेजारी असून तो इतका कमी का ढळला, हा प्रश्न उभा राहिला.

१८५५ साली प्रॅट यांचा हिशोब लंडनमध्ये प्रसिद्ध झाला. त्याच वर्षी जॉर्ज एअरी या ज्योतिषाने उत्तर सुचवले. लाकडाचा ओंडका पाण्यावर तरंगतो तेव्हा त्याचा जितका भाग वर दिसतो त्याहून बराच भाग पाण्याखाली असतो. तसेच डोंगराचे आहे. पृथ्वीचे हलके कवच खालच्या जड थरावर तरंगते. जेथे डोंगर उंच, तेथे हलक्या खडकाचे मूळही खोल. ते मूळ जड खडकाची जागा अडवते, म्हणून एकूण ओढ कमी भरते. आज भूकंपाच्या लहरींवरून कळले आहे की आपल्या दख्खनमध्ये कवच साधारण ३५ ते ४० किलोमीटर जाड आहे, तर हिमालय-तिबेटकडे ते ६०-७० किलोमीटरपर्यंत जाते.

वाचकहो, विचार करा. कोणी डोंगर खणला नाही. एका दोरीला लटकवलेले वजन, एक तारा आणि न लपवलेली पाच सेकंदांची चूक. एवढ्यावरून हिमालयाची मुळे सापडली. ती चूक कोणी पुसून टाकली असती, ‘साहेबाचा आकडा आहे, बोलायचे नाही’ असे कोणी म्हटले असते, तर हे ज्ञान कोण जाणे किती वर्षे लांबले असते.

आपल्या पायाखाली काय आहे?

देगलूर ही दोन दगडांच्या सीमेवरची जागा आहे. पश्चिमेकडे लातूर-उदगीरकडून येणारा काळा पाषाण आपल्या भागात संपत येतो आणि देगलूर-बिलोलीकडे त्याच्याखालचा फार जुना ग्रॅनाइट उघडा पडतो. खाणीत आणि खडी केंद्रावर काम करणाऱ्या आपल्या माणसांना हे दोन दगड हातोड्याच्या आवाजावरून ओळखता येतात. काळा पाषाण जड, ग्रॅनाइट त्याहून हलका. जड दगड जास्त ओढतो, हलका कमी. गुरुत्व मोजणारी आजची यंत्रे इतकी नाजूक आहेत की एक मजला चढून गेले तरी ओढ दहा लाखांत सुमारे एका भागाने कमी झालेली त्यांना कळते. अशी यंत्रे गावोगाव फिरवून जमिनीखालच्या खडकांचा अंदाज घेता येतो. हैदराबादची राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्था १९६१ पासून अशा कामात आहे.

हा केवळ अभ्यासाचा विषय नाही, हे मराठवाड्याला ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे कळले. किल्लारीच्या भूकंपात दहा हजारांच्या जवळपास माणसे गेली. देगलूरपासून ते ठिकाण शंभरेक किलोमीटरवर. दख्खनचा खडक भक्कम, येथे मोठा भूकंप होत नाही, असा तोवर सर्वसाधारण समज होता. भूकंपानंतर शास्त्रज्ञांनी तेथील गुरुत्व मोजले आणि किल्लारीजवळ ६१७ मीटर खोल छिद्र घेतले. काळा पाषाण सुमारे ३३८ मीटरपर्यंतच लागला, खाली जुना खडक. वरचा एकसारखा काळा थर पाहून खालची जुनी भेग दिसत नव्हती.

भूकंप कधी होईल ते आजही सांगता येत नाही. जो कोणी तारीख सांगतो तो फसवतो. पण माणसे का मेली ते स्पष्ट सांगता येते. मातीत रचलेल्या जाडजूड दगडी भिंती आणि वरचे माळवद झोपलेल्या माणसांवर कोसळले. म्हणून गवंड्याच्या हातातल्या ओळंब्याला आम्ही एवढे महत्त्व देतो. सरळ भिंत, कोपऱ्यात एकमेकांत गुंतलेले थर आणि भिंतीला चारी बाजूंनी बांधून ठेवणारा काँक्रीटचा पट्टा, एवढ्याने जीव वाचतात.

उंची कोठून मोजायची?

रेल्वे स्टेशनच्या पिवळ्या पाटीवर समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. उदगीरच्या किंवा नांदेडच्या स्टेशनवर मुलांना ती जरूर वाचायला लावा. आता प्रश्न असा की समुद्र येथून शेकडो किलोमीटर दूर. त्याची सपाटी देगलूरच्या जमिनीखाली कोठे आहे हे कसे कळायचे?

गवंडी प्लास्टिकच्या नळीत पाणी भरून दोन कोपऱ्यांची पातळी जुळवतो. समजा, मुंबईच्या समुद्रापासून देगलूरपर्यंत अशीच नळी टाकली, तर पाणी जेथे स्थिर होईल ती समुद्राची सपाटी. शास्त्रज्ञ या कल्पित सपाटीला जिऑइड म्हणतात. ती गुळगुळीत नाही. जेथे पृथ्वीची ओढ जास्त तेथे ती वर उचललेली, कमी तेथे खाली गेलेली. श्रीलंकेच्या दक्षिणेला हिंदी महासागरात ही सपाटी शंभर मीटरहून अधिक खाली गेली आहे. जगातील सर्वांत मोठा असा खळगा तोच. जहाज त्यातून जाते तरी खलाशाला उतार जाणवत नाही, कारण पाणी ओढीच्या काटकोनातच राहते. त्या भागाखाली खोलवर उष्ण आणि हलका खडक असावा, असे स्पष्टीकरण बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतील संशोधकांनी २०२३ साली दिले.

आपला दख्खन त्या खळग्याच्या उताराच्या बाजूला आहे. म्हणून उपग्रहावरून नुसती उंची घेतली तर ती आपल्या भागात समुद्रसपाटीच्या उंचीपेक्षा साधारण सत्तर मीटरने कमी येते. यंत्र चुकत नाही. उपग्रह गुळगुळीत कल्पित गोलापासून मोजतो, पाणी मात्र ओढीप्रमाणे वाहते. कालवा किंवा पाइपलाइन काढताना या दोहोंत घोटाळा झाला तर पाणी शेतात पोचणारच नाही.

पाण्याचे निघालेच म्हणून सांगतो. २००२ साली एकामागून एक धावणारे दोन उपग्रह सोडले गेले. मध्ये अंतर सुमारे २२० किलोमीटर. खाली ओढ वाढली की पुढचा उपग्रह आधी खेचला जाई आणि अंतर बदले. त्यावरून उत्तर भारतातील जमिनीखालचे पाणी किती झपाट्याने उपसले जात आहे ते २००९ साली जगाला कळले. ते उपग्रह २०१७ मध्ये थांबले, २०१८ पासून नवी जोडी फिरते आहे. एखाद्या गावाची विहीर त्यांना दिसत नाही, मोठा प्रदेश दिसतो. पण २०१६ साली लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, ते दिवस पाहिलेल्या आपल्या आयाबहिणींना या मोजणीचे मोल सांगायला नको.

सातबारा आणि उपग्रह

भारताचे नकाशे दीर्घकाळ एव्हरेस्टने १८३० साली ठरवलेल्या गोलावर आखले जात. तो गोल भारताच्या मोजणीला बेतून केलेला होता. २००५ च्या राष्ट्रीय नकाशा धोरणापासून सर्वांसाठीचे नकाशे जगभर चालणाऱ्या उपग्रहाच्या गोलावर आले. आता शेताची मोजणीही साखळी आणि टेबल सोडून उपग्रहाशी जोडलेल्या यंत्रावर होऊ लागली आहे.

येथे आपले हित थेट गुंतलेले आहे. दादासाहेब गायकवाडांनी १९५९ आणि १९६४ साली भूमिहीनांचे सत्याग्रह केले. मराठवाड्यातील कित्येक घरांनी गायरानाचा तुकडा घाम गाळून कसला. पण मोजणीदार आला की आपण लांब उभे राहतो आणि अंगठा मागितला तेथे देतो. हे थांबले पाहिजे. यंत्र कोणत्या खुणेपासून धरले, बांधाचा दगड नकाशात कोठे आहे, हद्दीची खूण कोणाच्या समक्ष ठरली, हे विचारण्यात संकोच नको. घरातील शिकलेल्या मुलीला किंवा मुलाला त्या दिवशी शेतात न्या. नकाशाची प्रत घ्या. माळावर किंवा टेकडीवर वर्तुळ आणि मध्ये टिंब कोरलेला दगड दिसला तर धन पुरले असेल म्हणून उपटू नका. ती सर्व्हेची खूण असते, तिच्यावर सगळ्यांचे मोजमाप उभे आहे.

घरी करून पाहा

मुलांसाठी एक प्रयोग. मीटरभर दोरा घ्या, टोकाला जड नट बांधा आणि खिळ्याला टांगा. हलकेच झोका द्या. जाऊन परत आला की एक झोका. तीस झोके मोजा. सुमारे एक मिनिट लागेल. नट बदला, जड बांधा, दोऱ्याची लांबी तीच ठेवा. वेळ तीच येईल. दोरा लांब केला की मात्र झोका सावकाश होतो. याच साधनाने १८६५ पासून पुढे कॅप्टन बसेवी याने भारतभर ठिकठिकाणी पृथ्वीची ओढ मोजली आणि १८७१ साली लडाखच्या थंडीत काम करतानाच त्याचा अंत झाला. खर्च काहीच नाही. लागते ती चिकाटी, आणि आकडा आला तसा लिहिण्याची सवय.

दुसऱ्या दिवशी आम्ही पुन्हा त्या बांधकामावर गेलो. पोराला पाव इंचाचा हिशोब सांगितला. त्याने विटेच्या तुकड्याने जमिनीवर दबलेला गोल काढला, त्याला ओळंबा लावला आणि दोरी मध्यबिंदूच्या बाजूने काढून दाखवली. गवंडी बराच वेळ पाहत राहिला. मग म्हणाला, “म्हंजे इतकी वर्षं म्या चुकीचं सांगत होतो की.”

“सांगणं चुकलं, बाबा,” पोरगा म्हणाला, “भिंत न्हाई चुकली.”

बापाने थापी बाजूला ठेवली आणि दोघांनी मिळून पुन्हा ओळंबा सोडला.